तिसऱ्या दिवसाचं गाऱ्हाणं

माझ्या आईचा आवाज मी परतवाड्याच्या भाजीबाजारात एका अनोळखी पोराच्या मोबाइलमधून ऐकला. आई तेव्हा माझ्या शेजारी उभी होती आणि तिचं तोंड बंद होतं.

ती बरबटीच्या शेंगा निवडत होती. मागच्या चहाच्या टपरीवर तीन पोरं एका मोबाइलवर डोकी घालून बसली होती. आधी बंदुकीचे आवाज आले, मग कुणीतरी कळवळून ओरडलं, आणि मग आई बोलली, खणखणीत, अंगणवाडीच्या दारातून पोरांना हाक मारते तशी: "दोन नोको मोडू बाई. एकच मोड."

पोरं खिदळली. त्यांनी ते पुन्हा लावलं आणि पुन्हा खिदळली.

आईच्या हातातली शेंग हातातच राहिली. "चेते," ती म्हणाली, "हा माहा आवाज हाय का?"

"नाही वं आई. असंन कोनाचा."

"माहाच हाय. हे तं मी महालक्ष्म्याइले बोलली होती."

मी टपरीकडे गेले. माझी चाल बघूनच एकानं मोबाइल मांडीखाली सरकवला.

"काय लावलं रे ते?"

"काई नाही ताई, कॉमेडी हाय. गेममध्ये कोनी पडला का लावतेत. सगळीकडे चालू हाय."

"दाखव."

त्यानं दाखवलं. पडद्यावर माझाच खेळ होता. माझी बंदूक, माझा नेम, पायात गोळी लागून खाली बसलेला समोरचा खेळाडू, आणि त्यावर माझ्या आईचं बोलणं. कोपऱ्यात आमच्या टीमचं चिन्ह होतं. रणभेरी. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्या पोराला मी काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही. त्याचा त्यात फारसा दोषही नव्हता, हाताशी सापडला एवढंच.

मागे वळले तर आई नव्हती. शेंगा गाड्यावर तशाच टाकून ती घराकडे निघाली होती, डोक्यावरून पदर ओढून. माझी आई डोक्यावरून पदर घेत नाही.

त्या वर्षी मी बावीस वर्षांची होते आणि कॉम्प्युटरवर बंदुकीचा खेळ खेळण्याचा पगार घेत होते. गल्लीत हे कुणालाच पटायचं नाही. आमची शेजारीण पंचफुलाबाई आईला अधूनमधून विचारायची, "पोरगी दिवसभर ठो ठो करते, त्याचे पैसे कोन देते वं?" पुण्याची रणभेरी टीम द्यायची. आम्ही पाच खेळाडू पाच गावांतून, आपापल्या घरून खेळायचो. मशीन टीमचं, हेडफोन टीमचे. आई अंगणवाडीत मदतनीस होती, आणि तिच्या मानधनात जे भागायचं नाही ते टीमच्या पगारात भागायचं. म्हणून टीमचा नियम तो नियम.

पहिला नियम असा होता की आपोआप होणारं रेकॉर्डिंग कधीही बंद करायचं नाही. खेळ सुरू झाला की मशीन मुकाट्यानं सगळं टिपत राहायचं, आणि संध्याकाळी ते पुण्याला टीमकडे जाऊन पडायचं. आमचा मॅनेजर तन्मय केसकर ते बघायचा आणि कुणी कुठे माती खाल्ली ते सांगायचा. यात वावगं काही नव्हतं. घरात कुणी आलं, कुकरची शिट्टी झाली, की मी टीमच्या बोलण्यातलं बटण दाबून माइक बंद करायचे. मग माझ्याकडचं कुणाला काही ऐकू जायचं नाही. पाचही जण तसंच करायचो आणि निर्धास्त राहायचो. पण ते बटण फक्त टीमच्या आपसातल्या बोलण्याचं होतं. रेकॉर्डिंग माइकमधून थेट आवाज उचलायचं, त्याला त्या बटणाशी काही देणंघेणं नव्हतं. हे आम्हाला कुणी सांगितलं नाही. तन्मयला माहीत होतं, कारण तो रोज ऐकत होता.

आमचं घर म्हणजे पुढे एक खोली आणि मागे स्वयंपाकघर. पुढच्या खोलीत एका भिंतीला माझं मशीन, आणि भादव्यात समोरच्या भिंतीला महालक्ष्म्या बसायच्या. ज्येष्ठा आणि कनिष्ठा, नवी लुगडी नेसवलेल्या, वर करंज्यांचा फुलोरा टांगलेला. तिसऱ्या दिवशी त्यांना उठवायच्या आधी घरातली बाई दार लावून त्यांच्यापुढे एकटी बसते आणि वर्षाचं जे साचलं असेल ते सांगते. ही आमच्या घरची रीत, आईला तिच्या सासूकडून आलेली. त्या वेळी घरात दुसरं कुणी थांबत नाही.

त्या वर्षी नेमका त्याच दुपारी माझा सराव होता. आईनं विचारलं, "कानाले ते लावलं हाय ना?" मी मान डोलावली. मग तिच्या लेखी मी घरात नव्हतेच. मी माइकचं बटण दाबलं आणि खेळत राहिले. ती माझ्या पाठीमागे बसून काय बोलली त्यातला एक शब्द मला ऐकू आला नाही. आईला हळू बोलता यायचं नाही, देवाशीसुद्धा. मशीननं सगळं टिपून घेतलं.

बाजारातून मी घरी पोचले तेव्हा आई मागच्या दारात, धुण्याच्या दगडाजवळ उभी होती.

"मले एकच सांग," ती म्हणाली. "त्यात खंडवा हाय का?"

माझे वडील सुरतेला साड्यांच्या गिरणीत कामाला आहेत, असं ती सगळ्यांना सांगायची. दिवाळीला सुट्टी मिळत नाही, होळीला मालक सोडत नाही, अशी कारणंही तिची तयार असत. मला खरं माहीत होतं. मला माहीत आहे हे तिलाही माहीत होतं. पण खंडवा हा शब्द मी तिच्या तोंडून त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

"नाही," मी म्हणाले. "एवढंच हाय. एकच मोड, तेवढंच."

त्या दिवशी ते खरं होतं.

मी तन्मयला फोन लावला.

"ती क्लिप काढ."

"कुठली? अच्छा, काकूंची. अगं चेतना, तुला कल्पना नाही, लोक वेडे झालेत त्या आवाजावर."

"ती माझी आई आहे."

"म्हणून तर. किती खरं वाटतं ते. आपल्या टीमचं नाव एवढं कधी झालं नव्हतं. आणि वाईट काय आहे त्यात? चेहरा नाही, नाव नाही."

"आवाज आहे."

"आवाजावरून कोण ओळखतंय?"

"परतवाडा ओळखतो. तिच्या एका हाकेवर वस्तीतली सगळी पोरं अंगणवाडीत येतात. आणि तो आवाज तुझ्याकडे आला कसा? मी माइक बंद केला होता."

"तो टीमच्या कॉलवरचा. रेकॉर्डिंगमध्ये येतंच ना सगळं. मला वाटलं तुम्हाला माहीत असेल."

"आम्हाला कसं माहीत असणार?"

"बरं, बरं. तू आधी शांत हो. बघतो मी."

"बघतो नाही. काढतो म्हण."

"काढतो, बाई," तो म्हणाला. हसत होता.

दुसऱ्या दिवशी त्यानं ती क्लिप काढली. शब्द पाळला. आणि तिच्या जागी दुसरी लावली, लांब. वर लिहिलं होतं: लोकाग्रहास्तव, काकूंचं पूर्ण गाऱ्हाणं.

आईचं गाऱ्हाणं मी पहिल्यांदा ऐकलं ते असं, खाली हजारो माणसांनी टाकलेल्या हसऱ्या तोंडांसकट.

"बसा बाई घडीभर. जाची घाई नोको करू. सालभर मी लोकाइले सांगतो का ते सुरतेले हायत. तुमच्यापुढे खोटं नाही बोलत. ते खंडव्याले हायत, तिच्याजवळ. आठ वर्सं झाले. मी कुकू लावतो, सण करतो, कोनाले काई म्हनत नाही. पोरीले बी म्हनलं नाही. मले ते वापस नाही पायजे. फक्त तिचा पाय मोड. दोन नोको मोडू बाई. एकच मोड. तिले बी सैपाक करा लागत असन."

लोक या शेवटच्या वाक्यावर सगळ्यात जास्त हसत होते. मला त्याच वाक्यावर रडू फुटलं, आणि रडू आलं म्हणून आणखी राग आला. सवतीचा पाय मोडायला सांगतानाही जी बाई तिच्या चुलीचा विचार करते, तिच्यावर हसायला या लोकांच्या बापाचं काय जात होतं? मी तन्मयला दिवसभर फोन लावत राहिले. त्यानं एकदाही उचलला नाही. संध्याकाळी त्याचा निरोप आला: मॅच होऊन जाऊ दे, मग निवांत बसून बोलू. चोर तो चोर, वर शिरजोर.

अंगणवाडीत पोरांना न्यायला येणाऱ्या बाया आता ओठ दाबून हसायला लागल्या. पंचफुलाबाई गल्लीतल्या पिण्याच्या नळावर मोठ्यानं विचारायची, "काऊन वं विमल, सुरतेले पाऊस कसा हाय?" आई घागर उचलून घरी यायची. माझी आई, जिनं एकदा रेशनच्या दुकानदाराला असं फैलावर घेतलं होतं की रांगेतल्या माणसांनी टाळ्या वाजवल्या, ती घागर उचलून मुकाट घरी यायची.

आणि घरात आली की एक अक्षर बोलायची नाही.

पहिले दोन दिवस मला वाटलं, माझ्यावर रागावली आहे. मग लक्षात आलं, ती मशीनला भीत होती. पुढच्या खोलीत पाऊल टाकलं की ओठ मिटायचे. जेवायला बोलवायचं तर खांद्यावर टिचकी. भाजीत मीठ कमी आहे का, हे बोटांच्या चिमटीनं विचारायची. मी खेळत नसताना तिनं मशीनवर जुनं पांघरूण टाकलं आणि त्यावर पाट ठेवला, मांजर येऊ नये म्हणून दुधावर ठेवतात तसा. काही फारच सांगायचं असलं तर मला हाताला धरून मागच्या दारी न्यायची, नळ सोडायची, आणि पाण्याच्या आवाजात माझ्या कानाशी तोंड लावून कुजबुजायची. तिला कुजबुजताही नीट यायचं नाही. घसा खरखरायचा, मध्येच खोकला यायचा, मग ती दचकून मशीनकडे बघायची.

एक दिवस मी तिला मशीनपुढे बसवलं. सेटिंग उघडली, खेळाचा भाग, त्यात चित्रणाचा भाग, आणि त्यात ते बटण. निळं असलं की मशीन टिपतं, करडं असलं की नाही. अजूनही मी नव्या मशीनपुढे बसले की सगळ्यात आधी तेच शोधते. आता अमरावतीला मुलींच्या वसतिगृहात कॉम्प्युटर शिकवते, आणि पोरी म्हणतात की मॅडमना त्या एका बटणाचं वेड आहे. म्हणू देत. ते बटण कारखान्यातून निळं होऊन येतं, किंवा दुसराच कुणी निळं करून ठेवतो, आणि आपल्याला सांगायला कुणी येत नाही.

मी आईच्या देखत ते करडं केलं. "पाह्य, आता हे काईच ऐकत नाही. बोल."

तिनं पडद्यावरच्या त्या बटणाला बोट लावून पाहिलं. मग उठली, मला हाताला धरून मागे नेलं, नळ सोडला.

"तव्हा बी तू बटन दाबलं होतं ना?" ती कानाशी म्हणाली.

मी नळ बंद केला.

रात्री तन्मयचा फोन आला. रेकॉर्डिंग बंद दिसतंय, असं चालणार नाही म्हणाला. मी टीम सोडते म्हणाले. तो म्हणाला, सोड, पण मॅचनंतर. माझा करार होता, आणि त्याहून मोठी अडचण म्हणजे आई. तिला मागच्या दारी सगळं कळलं तेव्हा तिनं माझा कान इतका पिळला की मी ओरडले. "खेळ," ती कुजबुजली. "माह्यं झालं ते झालं. तुह्यं कायले बुडवतं?" जी टीम ही मॅच जिंकेल तिला पुढचं पूर्ण वर्ष मोठ्या स्पर्धांमध्ये खेळायला मिळणार होतं. आमच्या पाचही जणांचं वर्ष त्यात गेलं होतं. मी ते करडं बटण पुन्हा निळं केलं.

मॅच रविवारी दुपारी होती. ऑक्टोबरचं ऊन म्हणजे आमच्याकडे दुसरा उन्हाळाच. स्पर्धेवाल्यांचा नियम टीमच्या नियमाहून कडक होता. प्रत्येक खेळाडूचं रेकॉर्डिंग चालू हवं, खोलीतल्या आवाजासकट, म्हणजे शेजारी बसून कुणी पढवत नाही हे कळावं. कुणाचं चालू आहे ते पंचांना लाल ठिपक्यानं दिसायचं.

मी हेडफोन चढवायच्या आधी आईनं कापसाचा डबा उचलला, खुणेनं मला सांगितलं की ती बाहेर बसते, आणि ओट्यावर गेली. जाताना बाहेरून दार ओढून घेतलं, खिडकीही लावली. तिचा खोकलासुद्धा त्या मशीनमध्ये जाऊ नये, म्हणून.

तीन खेळांपैकी दोन जिंकायचे होते. पहिला आम्ही जिंकलो, मी चांगली खेळले. दुसरा हरलो. तिसऱ्याच्या आधी थोडी विश्रांती होती. मी पाणी प्यायला हेडफोन काढले तेव्हा लावलेल्या खिडकीतून पंचफुलाबाईचा आवाज आला.

"काऊन वं विमल, भर उन्हात भायेर? घरात सुरतेवाले आले काय?"

दोन-तीन बाया हसल्या. मी ग्लास हातात धरून आईच्या उत्तराची वाट बघत उभी राहिले. आता देईल, असं वाटलं. पंचफुलाबाई आणखी काहीतरी म्हणाली, पायाबद्दल. पुन्हा हसणं. आईचं उत्तर आलंच नाही.

मी दार उघडलं. आई पदर डोक्यावर ओढून, मांडीवर वात वळत बसली होती. ऊन सरकून तिच्या पायांवर आलं होतं आणि तिनं पायसुद्धा मागे घेतले नव्हते. मान खाली, नजर कापसावर. स्वतःच्या घराच्या दाराबाहेर, मंदिराबाहेर मागायला माणसं बसतात तशी ती बसली होती, आणि आत थंड हवेच्या पंख्याखाली कोण होतं, तर तन्मय केसकरचं मशीन.

"आई, घरात चाल."

तिनं ओठांवर बोट ठेवलं आणि आत मशीनकडे दाखवलं.

"चाल म्हनतो ना."

मी तिला दंडाला धरून उठवलं. कापूस सांडला. तिला आत आणलं, खुर्चीवर न बसता वाकूनच सेटिंग उघडली आणि ते बटण करडं केलं. मग माइकची वायरही उपटली आणि टेबलावर टाकली, तिला दिसेल अशी.

पडद्यावर पंचांचा संदेश आला. चेतना गावंडे, तुमचं रेकॉर्डिंग बंद आहे, ताबडतोब चालू करा, नाहीतर तुमच्या टीमला चौघांनी खेळावं लागेल. त्याच्या पाठोपाठ मोबाइल वाजला. मी तो स्पीकरवर टाकला.

"चेतना, काय चाललंय?" तन्मय म्हणाला. "तुझा लाल ठिपका गेला."

"मी बंद केलंय."

"चुकून झालं असेल. चालू कर पटकन."

"चुकून नाही झालं."

"हे बघ, वेळ नाहीये. काकूंना जरा वेळ गप्प बसायला सांग. एवढंच तर करायचंय. जिंकलो की आज संध्याकाळी मी ती क्लिप काढतो. शपथ."

"म्हणजे काढता येते."

"चेतना, वेळ जातोय."

"तन्मय, ती त्या दिवसापासून गप्पच आहे. स्वतःच्या घरात, स्वतःच्या पोरीशी बोलत नाही. मीठ खुणेनं विचारते. तू तिला गप्प बसवलंस आणि आता मी पण बसवू? तुला लाज कशी वाटत नाही?"

"चेतना." हा दुसरा आवाज होता. मालेगावचा इम्रान, आमचा कप्तान, तन्मयनं त्यालाही फोनवर घेतलं होतं. "तुझं बरोबर असेल. पण आम्ही काय केलं? अब्बांना मी या एका वर्षाचा शब्द दिलाय."

"तू काही नाही केलंस."

"मग चालू कर."

"नाही करणार, इम्रान."

आईनं माझी बाही ओढली. तिला सगळं ऐकू आलं होतं. "कर चालू," ती ओठांनीच म्हणाली. "मी जातो भायेर."

"तू कुठीच जात नाही," मी म्हणाले, फोनवर सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं. "हे तुह्यं घर हाय."

"मशीन टीमचं आहे, लक्षात ठेव," तन्मय म्हणाला. आता त्याच्या आवाजातलं हसू गेलं होतं. "उद्या माणूस येईल न्यायला."

"आजच पाठव. ओट्यावर ठेवते."

चौघे खेळले. मी पडद्यावर बघत उभी होते. माझी जागा रिकामी होती आणि समोरच्यांनी ती लगेच हेरली. सामना एकतर्फी झाला. इम्रान शेवटपर्यंत एकटा उभा राहिला, मग तोही पडला. त्यानं नंतर माझ्याशी कधी संबंध ठेवला नाही, आणि त्याच्या जागी तो बरोबर आहे. माझ्या जागी मी पुन्हा तेच करेन. दोन्ही खरं आहे, त्याला माझा इलाज नाही.

मी मशीनची वायर भिंतीतून काढली. पंखा तेवढा फिरत राहिला. आई भिंतीपाशी उभी होती, दाराजवळ सांडलेल्या कापसाकडे बघत.

"हारले?" तिनं विचारलं. खूप हळू, पण पुढच्या खोलीत.

"हो."

"तुह्यापायी?"

"हो."

"म्हंजे माह्यापायी." तिनं पदर डोक्यावरून खाली घेतला आणि कमरेला खोचला. "कोनं सांगतलं होतं तुले? मी बसली होती ना भायेर? मरत होती का मी उन्हानं?"

"आई..."

"तू मंग बोलजो. चार बायका हासल्या तं मले काय भोकं पडले? त्या पोराचा बाप तिकडे वाट पाहून राह्यला असन, त्याले काय सांगन तो? का परतवाड्याच्या पोरीले राग आला?" घशाची खरखर हळूहळू कमी होत होती आणि आवाज चढत होता. "मोठी आली आईची कैवारी. पगार गेला, मशीन चाललं, आता राग खाशीन का? वरनात कालवून खाशीन राग? सांग ना. तोंड काऊन शिवलं आता?"

मी तोंड शिवलंच होतं. मला हसू येत होतं आणि ते दिसलं असतं तर तिनं लाटणं आणलं असतं. दार सताड उघडं होतं. समोरच्या घरातलं कुत्रं भुंकायला लागलं. तिचा आवाज आता गल्लीच्या टोकाला, नळापर्यंत जात असणार. इतके दिवस मी तो विसरले होते.

उंबऱ्यात पंचफुलाबाई आली, मागे आणखी एक बाई. "काय झालं वं विमल? एवढी काऊन बोंबलते? सुरतेहून काई खबर आली का?"

आई थांबली. तिचा हात पदराकडे जाईल असं मला वाटलं, आणि मी पुढे व्हायला लागले. तिनं मला कोपरानं मागे ढकललं.

"सुरतेले माह्यं कोनी नाही, पंचफुला," ती म्हणाली. अंगणवाडीच्या दारातून बोलते त्या आवाजात, म्हणजे अख्ख्या गल्लीला. "नवरा खंडव्याले हाय, दुसऱ्या बाईजवळ. आठ वर्सं झाले. तू मोबाइलवर ऐकलंच असन, आता माह्या तोंडून आयक. अजून काई इचाराचं हाय?"

पंचफुलाबाईनं मागच्या बाईकडे बघितलं. मग मान हलवली, नाही म्हणून.

"मंग जा घरी. मले माह्या पोरीले बोलू दे."

ती माझ्याकडे वळली, आणि जिथे सोडलं होतं तिथून मला पुन्हा बोलायला लागली.